१३ सामने खेळलेला गोलरक्षक रशियाचा प्रशिक्षक कसा झाला

रशियाच्या प्रीमियर लीगचे २०१३ ते २०१६ या चार वर्षांतले विजेते पाहा. तीनदा सीएसकेए मॉस्को जिंकला, एकदा झेनित सेंट पीटर्सबर्ग. झेनितचे प्रशिक्षक होते पोर्तुगालचे आंद्रे व्हिलास-बोआस, जे व्यावसायिक फुटबॉल कधीच खेळले नव्हते. सीएसकेएचे प्रशिक्षक होते लिओनिद स्लुत्स्की. ते खेळले होते, पण किती? सोव्हिएत फुटबॉलच्या खालच्या थरातल्या एका छोट्या संघासाठी अवघे १३ सामने, तेही गोलरक्षक म्हणून. म्हणजे सलग चार वर्षं रशियाचं विजेतेपद अशा माणसांच्या हाती होतं, ज्यांना खेळाडू म्हणून मोठ्या मैदानावर कुणी पाहिलेलंच नव्हतं.

आपल्याकडेही प्रशिक्षक नेमताना पहिला प्रश्न असतो, "स्वतः किती खेळलाय?" प्रश्न चुकीचा नाही, पण अपुरा आहे. स्लुत्स्कींची कारकीर्द नीट पाहिली तर प्रशिक्षक कुठे घडतो, हे कळायला मदत होते. त्यासाठी आधी रशियन फुटबॉलची उतरंड समजून घ्यावी लागेल.

सर्वांत वर प्रीमियर लीग, त्यात १६ संघ. तिच्याखाली फर्स्ट लीग, तीही देशभर खेळली जाते. तिच्याखाली सेकंड लीग, जिचे अनेक वर्षं प्रदेशांनुसार गट पाडले जात. गट पाडण्याचं कारण नकाशावर दिसतं. पश्चिमेकडच्या कालिनिनग्रादपासून पूर्वेच्या व्लादिवोस्तोकपर्यंतचं अंतर ७,००० किलोमीटरहून जास्त आहे. फर्स्ट लीगमध्ये काही हंगाम या दोन्ही शहरांचे संघ एकाच वेळी होते आणि एका सामन्यासाठी अख्खा देश ओलांडत होते. तिसऱ्या स्तरावरच्या गरीब संघांना असला प्रवास परवडणारच नाही. व्यावसायिक फुटबॉलच्याही खाली हौशी स्पर्धा. सोव्हिएत काळात तिथे कारखान्यांचे, संस्थांचे, गावोगावच्या क्रीडामंडळांचे संघ खेळायचे.

पैसा हा या उतरंडीतला सगळ्यात नाजूक भाग. रशियातले बहुतेक क्लब तिकीटविक्रीवर किंवा टीव्हीच्या पैशावर चालत नाहीत. त्यांना पोसतं कुणी? कुठे प्रांताचं सरकार, कुठे सरकारी कंपनी, कुठे एखादा उद्योगसमूह. गव्हर्नर बदलला, कंपनीचा रस संपला, की क्लब कोलमडतो. स्लुत्स्कींनी सुरुवातीच्या काळात ज्या दोन मोठ्या क्लबांत काम केलं, त्यांतला एक त्यांच्यानंतर काही वर्षांत गुंडाळला गेला आणि दुसरा व्यावसायिक फुटबॉलमधून बाहेर फेकला गेला. अशा वातावरणात खालच्या स्तरावरच्या प्रशिक्षकाला आयते खेळाडू मिळत नाहीत. जे आहेत त्यांनाच घडवावं लागतं. हा मुद्दा ध्यानात ठेवा, कारण स्लुत्स्कींचं सगळं शिक्षण याच परिस्थितीत झालं.

त्यांचा जन्म ४ मे १९७१ रोजी वोल्गोग्रादमध्ये झाला. दुसऱ्या महायुद्धात स्टालिनग्राद म्हणून जगाला माहीत झालेलं हेच शहर. वडील लहानपणीच गेले, आईने वाढवलं. अभ्यासात मुलगा हुशार होता, शाळेतून सुवर्णपदक घेऊन बाहेर पडला. गोलरक्षक म्हणून वोल्गोग्रादला लागूनच असलेल्या गोरोदिश्चे गावातल्या 'झ्वेझ्दा' या संघात त्यांना संधी मिळाली. तिथेच ते १३ सामने. मग १९९० च्या सुमारास शेजाऱ्यांची मांजर झाडावर अडकली म्हणून ते तिला उतरवायला चढले आणि वरून पडले. गुडघ्याची पार वाट लागली. बराच काळ रुग्णालयात गेला. पुन्हा गोलपोस्टसमोर उभं राहण्याचा विषय संपला, तेव्हा वय होतं एकोणीस.

ही मांजराची गोष्ट त्यांच्याबद्दलच्या प्रत्येक लेखात येते आणि बहुतेकदा तिथेच थांबते. मला तिच्या पुढचं जास्त महत्त्वाचं वाटतं. त्यांनी वोल्गोग्रादच्या शारीरिक शिक्षण संस्थेत अभ्यास पूर्ण केला आणि ते मुलांना शिकवायला लागले. सोव्हिएत व्यवस्थेतून आलेली ही एक मोठी देणगी आहे. तिथे क्रीडाप्रशिक्षण हा विद्यापीठीय अभ्यासाचा विषय होता. शरीरशास्त्र, मानसशास्त्र, अध्यापनशास्त्र शिकून माणूस प्रशिक्षक होत असे. नावाजलेल्या खेळाडूंनाही बहुधा अशाच संस्थांमधून पदवी घ्यावी लागे. स्लुत्स्कींकडे खेळाडूचं नाव नव्हतं, पण हा अभ्यास पक्का होता.

१९९० च्या दशकातलं वोल्गोग्राद म्हणजे रोतोर. रशियाच्या लीगमध्ये १९९३ आणि १९९७ मध्ये हा क्लब दुसरा आला. १९९५ मध्ये यूएफा कप या युरोपीय क्लबांच्या स्पर्धेत त्याने मँचेस्टर युनायटेडला स्पर्धेबाहेर काढलं. घरी ०-०, ओल्ड ट्रॅफर्डवर २-२, आणि बाहेरच्या मैदानावर केलेल्या गोलांच्या जोरावर रोतोर पुढे. शहरातल्या प्रत्येक पोराला रोतोरमध्ये जायचं होतं. स्लुत्स्की मात्र ओलिंपिया नावाच्या दुसऱ्या, लहान क्लबात काम करत होते. तिथे त्यांनी १९८१-८२ च्या आसपास जन्मलेल्या मुलांचा एक गट हाताशी घेतला. मुलं वाढत गेली, प्रशिक्षकही त्यांच्याबरोबर वरच्या वयोगटात सरकत गेला. शेवटी त्याच मुलांना घेऊन ओलिंपिया मोठ्यांच्या हौशी स्पर्धेत आणि तिथून व्यावसायिक फुटबॉलच्या तिसऱ्या स्तरावर, म्हणजे तेव्हाच्या सेकंड डिव्हिजनमध्ये उतरली. समोर तिशीतले कसलेले, धसमुसळे खेळाडू, आणि इकडे नुकती मिसरूड फुटलेली पोरं.

त्या मुलांत रोमान अदामोव होता, देनिस कोलोदिन होता. २००८ च्या युरो स्पर्धेत रशिया उपांत्य फेरीपर्यंत गेला, त्या संघात हे दोघंही होते. वोल्गोग्रादच्या दुय्यम क्लबातल्या एकाच गटातले दोन खेळाडू युरोपातल्या पहिल्या चार संघांपैकी एकात. ज्याने हे केलं त्या प्रशिक्षकाच्या नावापुढे किती सामने लिहिलेत, याची मग काय मातब्बरी?

मुलांना शिकवणं ही प्रशिक्षकासाठी इतकी मोठी शाळा का असते? बारा वर्षांच्या मुलाला "तिकडे धाव" एवढं सांगून भागत नाही. का धावायचं, केव्हा धावायचं, चेंडू आपल्याकडे नसताना कुठे उभं राहायचं, हे त्याला पटेल अशा शब्दांत सांगावं लागतं. आज सांगितलेलं उद्या तो विसरतो, मग नवा मार्ग शोधावा लागतो. मोठा खेळाडू प्रशिक्षक झाला की तो बऱ्याचदा स्वतः करून दाखवतो. स्लुत्स्कींचा गुडघा आधीच गेला होता. त्यांना समजावूनच सांगावं लागलं असणार, आणि माझ्या मते त्यांची खरी ताकद तिथेच तयार झाली. खेळाडू चुकला की "हा विकून दुसरा आणू" हा पर्यायही मुलांच्या संघात नसतो.

पुढची पायरी होती राखीव संघाची. हा प्रकार नीट सांगायला हवा, कारण आपल्याकडे त्याची फारशी ओळख नाही. रशियात २००७ पर्यंत प्रीमियर लीगच्या प्रत्येक क्लबाचा एक राखीव संघ असायचा आणि त्या संघांची वेगळी स्पर्धा चालायची. वेळापत्रक मुख्य संघाचंच. म्हणजे मुख्य संघ ज्या क्लबाशी खेळणार, त्याच क्लबाच्या राखीव संघाशी साधारण आदल्या दिवशी यांचा सामना. मैदानावर असायचं कोण? अठरा-एकोणीस वर्षांचे उमेदवार, दुखापतीतून परतणारे अनुभवी, आणि मुख्य संघातून वगळल्यामुळे रुसलेले नामवंत. एकाच ड्रेसिंग रूममध्ये कुणाला धीर द्यायचा, कुणाला जमिनीवर आणायचं. प्रेक्षक जवळजवळ नाहीत, वर्तमानपत्रात ओळभर निकाल. प्रशिक्षकाला प्रयोग करायला आणि चुका करायला यापेक्षा चांगली जागा नाही.

स्लुत्स्की आधी एलिस्ताच्या उरालान क्लबात राखीव संघाकडे गेले. एलिस्ता ही काल्मिकिया प्रजासत्ताकाची राजधानी, युरोपातला बौद्ध बहुसंख्य प्रदेश. तिथले तेव्हाचे अध्यक्ष किर्सान इल्युमझिनोव जागतिक बुद्धिबळ महासंघाचेही अध्यक्ष होते. एवढ्याशा प्रजासत्ताकाचा क्लब देशाच्या अव्वल स्तरावर पोचला होता, हेच मोठं नवल. तिथून ते एफसी मॉस्कोच्या राखीव संघात आले आणि २००४ मध्ये राखीव संघांची स्पर्धा जिंकले. पुढच्या वर्षी, २००५ च्या उन्हाळ्यात, मुख्य संघाचे प्रशिक्षक गेले आणि क्लबाने आतल्याच माणसावर विश्वास टाकला. स्लुत्स्की तेव्हा ३४ वर्षांचे होते.

एफसी मॉस्को हा राजधानीतला सगळ्यात कमी पाठीराखे असलेला मोठा क्लब. स्पार्ताक, सीएसकेए, दिनामो, लोकोमोतिव यांच्यासमोर त्याला विचारणार कोण? तरी २००७ मध्ये तो लीगमध्ये चौथा आला आणि रशियन कपच्या अंतिम फेरीत लोकोमोतिवकडून जादा वेळेत ०-१ असा हरला. त्याच हंगामात लीगमध्ये सर्वाधिक गोल करणाऱ्या दोघांपैकी एक होता रोमान अदामोव, १४ गोल. वोल्गोग्रादमध्ये ज्याला शिकवलं, तो आता त्यांच्याच हाताखाली देशातला अव्वल गोलकर्ता. हंगाम संपल्यावर क्लबाने स्लुत्स्कींना निरोप दिला आणि त्यांच्या जागी ओलेग ब्लोखिन यांना आणलं. ब्लोखिन म्हणजे १९७५ चा युरोपातला सर्वोत्तम खेळाडू. खेळाडू म्हणून दोघांची तुलनाच होऊ शकत नाही. पण ब्लोखिन यांच्याकडे संघ नवव्या क्रमांकावर आला.

इथे परवान्याचा विषय काढायला हवा. युरोपात प्रशिक्षकाला यूएफाचे, म्हणजे युरोपीय फुटबॉल महासंघाचे, परवाने टप्प्याटप्प्याने घ्यावे लागतात, सी, बी, ए आणि सर्वांत वर प्रो. अव्वल लीगमधल्या मुख्य प्रशिक्षकाकडे प्रो परवाना लागतो. न खेळलेल्यांना ही अट मदतही करते आणि आडवीही येते. मदत अशी, की अभ्यासक्रमाला बसायला आणि उत्तीर्ण व्हायला प्रसिद्ध असावं लागत नाही. आडकाठी अशी, की एकेक टप्पा चढायला वर्षं जातात. क्रास्नोदारच्या मुराद मुसायेव यांचं उदाहरण घ्या. तेही व्यावसायिक फुटबॉल खेळलेले नाहीत, क्लबाच्या अकादमीत मुलांना शिकवत वर आले. २०१८ मध्ये मुख्य संघ त्यांच्याकडे आला तेव्हा प्रो परवाना नव्हता, म्हणून कागदोपत्री मुख्य प्रशिक्षक म्हणून दुसऱ्याचं नाव होतं. याच मुसायेव यांनी २०२५ मध्ये क्रास्नोदारला इतिहासातलं पहिलं लीग विजेतेपद मिळवून दिलं.

स्लुत्स्की पुढे समारा शहराच्या क्रिल्या सोवेतोव संघात गेले, २००८ मध्ये त्याला सहाव्या क्रमांकावर नेलं, आणि ऑक्टोबर २००९ मध्ये त्यांना सीएसकेएचं बोलावणं आलं. तो हंगाम क्लबासाठी विचित्र होता. आधी ब्राझीलचे झिको गेले, मग स्पेनचे हुआंदे रामोस गेले. दोघंही जगभर नाव असलेले. तिसरे आले स्लुत्स्की. आल्या आल्या चॅम्पियन्स लीग या युरोपातल्या अव्वल क्लबांच्या स्पर्धेत, ओल्ड ट्रॅफर्डवर मँचेस्टर युनायटेडशी गाठ. सीएसकेए ३-१ असा पुढे होता, शेवटच्या काही मिनिटांत युनायटेडने ३-३ अशी बरोबरी साधली. पण त्यानंतर वोल्फ्सबुर्ग आणि बेशिकताश या दोघांना हरवून सीएसकेए चॅम्पियन्स लीगच्या बाद फेरीत पोचला. तिथे सेव्हिया. मॉस्कोत १-१, मग सेव्हियात २-१ असा विजय. निर्णायक गोल जपानच्या केसुके होंडाच्या फ्री किकवर. १९९६ नंतर पहिल्यांदा रशियन क्लब चॅम्पियन्स लीगच्या उपांत्यपूर्व फेरीत होता. पुढे इंटर मिलानने दोन्ही सामने १-० ने जिंकले आणि त्या वर्षीचा करंडकही इंटरनेच उचलला.

सेव्हियाविरुद्धचे सामने फेब्रुवारी-मार्चमधले होते, हे सहज निसटून जातं. रशियाची लीग तेव्हा वसंत ऋतूत सुरू होऊन शरदात संपायची. फेब्रुवारीत स्पॅनिश संघ ऐन हंगामात असतो आणि रशियन संघ महिनोन् महिने एकही खरा सामना न खेळता मैदानात उतरतो. पुढे २०११-१२ मध्ये रशियाने युरोपसारखं शरद ते वसंत असं वेळापत्रक स्वीकारलं आणि बदलाचा तो एक हंगाम मार्च २०११ ते मे २०१२ असा तब्बल चौदा महिने लांबला.

सीएसकेएत स्लुत्स्की सात वर्षं टिकले. तीन लीग विजेतेपदं, २०११ आणि २०१३ चे दोन रशियन कप. हा संघ त्यांनी विकत घेऊन उभा केलेला नव्हता. गोलपोस्टमध्ये अकिनफेयेव, त्याच्यापुढे इग्नाशेविच आणि वासिली व अलेक्सेई हे बेरेझुत्स्की जुळे भाऊ. ही बचावफळी आधीपासूनची होती, वर्षागणिक वय वाढत होतं. झेनितकडे गाझप्रोम या सरकारी वायू कंपनीचा पैसा होता, सीएसकेएकडे खेळाडू मोजके. लीगमध्ये मैदानावर परदेशी किती असावेत यावर मर्यादा होती, त्यामुळे चांगल्या रशियन खेळाडूला अवाच्या सवा भाव येई आणि आहे तो टिकवणं शहाणपणाचं ठरे. स्लुत्स्कींनी वेग कमी झालेल्या बचावपटूंना योग्य जागी उभं राहण्याच्या जोरावर खेळवलं आणि पुढे मुसा, डुंबिया यांच्यासारखे वेगवान खेळाडू ठेवले. नोव्हेंबर २०१४ मध्ये मँचेस्टर सिटीला त्यांच्याच मैदानावर २-१ असं हरवलं, तेव्हा दोन्ही गोल डुंबियाचे होते. २०१३-१४ च्या हंगामाच्या शेवटी तर त्यांनी सलग दहा सामने जिंकून विजेतेपद राखलं. सामना चालू असताना डगआउटमध्ये बसून ताणाने पुढे-मागे झुलणारे स्लुत्स्की रशियात घराघरांत ओळखीचे झाले.

ऑगस्ट २०१५ मध्ये त्यांना राष्ट्रीय संघही मिळाला. फाबियो कॅपेलो यांना काढलं होतं, युरो पात्रता हातची जात होती. स्वीडन, लिश्टेनश्टाइन, मोल्दोवा, माँटेनेग्रो, चारही सामने जिंकून रशिया पात्र ठरला. क्लबाचं काम चालूच होतं. मे २०१६ मध्ये शेवटच्या दिवशी सीएसकेएने कझानमध्ये रुबिनला १-० असं हरवून विजेतेपद घेतलं. तो गोल अलान झागोयेवचा होता, आणि त्याच सामन्यात त्याच्या पायाचं हाड मोडलं. युरोसाठी राष्ट्रीय संघाचा सर्वांत कल्पक खेळाडू गेला. फ्रान्समध्ये इंग्लंडशी भरपाई वेळेतल्या गोलावर १-१, मग स्लोव्हाकियाकडून १-२, वेल्सकडून ०-३. स्लुत्स्कींनी जबाबदारी स्वीकारून पद सोडलं. वर्षअखेर सीएसकेएही सोडलं.

इथून पुढचा भाग अवघड आहे, आणि तो टाळून त्यांची गोष्ट सांगणं प्रामाणिकपणाचं होणार नाही. इंग्रजी शिकून ते २०१७ मध्ये हल सिटीला गेले, इंग्लिश क्लबाचे पहिले रशियन प्रशिक्षक. डिसेंबरच्या सुरुवातीला त्यांना जावं लागलं, २० लीग सामन्यांत चारच विजय. मला यात त्यांच्या पद्धतीची मर्यादा दिसते. इंग्लंडच्या दुसऱ्या स्तरावर २४ संघ आणि ४६ सामने. शनिवारी सामना, मंगळवारी सामना, मधे शरीर सावरायचं. समजावत, पुन्हा पुन्हा घोटून घेत घडवणाऱ्या प्रशिक्षकाला सरावाचे दिवसच मिळत नाहीत. त्यात भाषा नवी. ज्याचं सगळं बळ बोलण्यात, त्याच्याकडून शब्दच काढून घेतल्यासारखं झालं.

नेदरलँड्सच्या व्हिटेसला त्यांनी २०१८-१९ मध्ये पाचव्या क्रमांकावर आणलं, पुढच्या हंगामात सलग पराभवांनंतर राजीनामा दिला. मग कझानचा रुबिन. २०२०-२१ मध्ये चौथा क्रमांक, संघात ख्विचा क्वारात्सखेलिया, जो आज पॅरिस सेंट जर्मेनचा तारा आहे. फेब्रुवारी २०२२ मध्ये युक्रेनवर हल्ला झाल्यानंतर फिफाने रशियातल्या परदेशी खेळाडूंना करार स्थगित करण्याची मुभा दिली. क्वारात्सखेलियासह अनेक जण गेले, आणि मे महिन्यात शेवटच्या फेरीत उफाकडून १-२ असं हरून रुबिन खालच्या लीगमध्ये घसरला.

२०२४ पासून ते चीनमध्ये शांघाय शेनहुआचे प्रशिक्षक झाले. पहिल्याच हंगामात विजेतेपद एका गुणाने हुकलं, २०२५ मध्ये पुन्हा दुसरा क्रमांक, मात्र दोन्ही वर्षी चिनी सुपर कप त्यांनी घेतला.

त्यांच्या सीएसकेएच्या बचावफळीतले खेळाडूही आता प्रशिक्षणात उतरलेत. बेरेझुत्स्की भावांनी सुरुवात व्हिटेसमध्ये स्लुत्स्कींचे साहाय्यक म्हणून केली. रशियासाठी सर्वाधिक १२७ सामने खेळलेला सेर्गेई इग्नाशेविच २०१९ मध्ये दुसऱ्या स्तरावरच्या तोर्पेदो मॉस्कोकडे गेला, मग त्याच स्तरावरच्या कालिनिनग्रादच्या बाल्तिकाकडे, आणि २०२३ मध्ये त्याने बाल्तिकाला प्रीमियर लीगमध्ये आणलं.